माह्या आधी अहेरीत पोचलेली कोंबडी

नाटकाचा पडदा उघडाच्या आधी माही नकल राहे. घाट चढणारी एश्टी, तिच्यात कंडक्टर, एक बुढी अन् बुढीच्या पिशवीतली कोंबडी. या एका एश्टीवर मी अख्खा हिवाळा काढो. वडशात लोक कायले हसले, हे भामरागडले सांगाले कोण जाते? गाव बदललं का नकल नवी.

त्या वर्षी अहेरीले जातानी आमच्या नाटक कंपनीच्या मालकानं टेम्पोतच सांगून टाकलं, "मांगच्या दोन गावांत लोक हसले नाई बे. अहेरीतबी असंच झालं तर तुह्या जागी रेकॉर्ड डान्स टाकतो."

हसले नाई हे खरं होतं. काऊन, ते मले समजून नोतं राह्यलं.

समजलं चहाच्या टपरीवर. गल्ल्यावरच्या मोबाईलमधून माही कोंबडी ओरडून राह्यली होती. वडशात कोणीतरी माही नकल मोबाईलमंधी भरून घेतली, अन् आता बाजारातला मोबाईलवाला गाण्यांसंगं ती लोकांच्या मेमरी कार्डात टाकून देत होता. ब्लूटूथवर तर फुकटच फिरे.

"भाऊ, हा आवाज माहा हाय," मी टपरीवाल्याले म्हणलं.

"अस्सं? मंग मी कंडक्टर. तिकीट घे."

बाकड्यावरचे सारे हसले. एवढं हसू मले स्टेजवर पाह्यजे होतं.

संध्याकाळी शामियान्यात पाय ठेवाले जागा नोती. मी माईक धरला, गियर टाकला. पयल्या रांगेतल्या एका जॅकेटवाल्यानं माह्या आधी कंडक्टरची घंटी वाजवली. कंडक्टरनं तोंड उघडाच्या आत मांगचे लोक त्याचं वाक्य बोलून मोकळे. हसलं कोणीच नाई. विंगेत मालक हाताची घडी घालून उभा.

मी घाईघाईनं कोंबडी ओरडवली. तवा समोरची एक बाई बोलली, "हा तो नाई गा. हा डुप्लिकेट हाय. कोंबडीच्या आधीचा खोकला कुठी हाय?"

खोकला? मंग ध्यानात आलं. वडशात मले सर्दी होती, त्यात मैदानाचा धुराळा. नकलेच्या मधातच खोकललो होतो. तो खोकला कार्डात राहून गेला, अन् लोकाईले वाटे बुढीले दमा हाय.

"खरा असशीन तर खोकून दाखव," मांगून कोणी म्हणलं.

दुसऱ्याचा आवाज काढाले मले कधी भेव वाटलं नाई. सोताचाच खोकला काढाचा म्हणलं तर तो कसा होता तेच आठवे नाई. मी खोकललो. लोक तसेच बसून. अजून खोकललो. बाईनं मान हलवली, "नाई जमत त्याले."

विंगेत मालक कोणाले तरी हातवारे करून बोलावत होता. नाचणारीलेच असन. मी खाली वाकलो अन् माईक सरळ त्या जॅकेटवाल्याच्या तोंडापाशी धरला.

"तूच सांग बाप्पा, कसा हाय."

तो आधी लाजला. मंग खोकलला. एक लंबा, मधात शिट्टीवानी श्वास, अन् मंग एक तुटका. मी त्याच्या मांगून तसाच खोकललो, शिट्टीसकट, अन् लगेच कोंबडी सोडली.

"आता आला जागेवर," बाई म्हणली, अन् शामियाना फुटला. त्याईनं तो खोकला मले तीनदा कराले लावला.

आत आलो तं मालकानं पाठीवर थाप देल्ली. "राह्यली तुही जागा. उद्याबी हेच कर, खोकल्यासकट."

"मालक, उद्या टपरीवाल्याची नवी नकल करतो. अजून कोणीच आयकली नाई."

"कोणाच्या मोबाईलमंधी नाई?"

"नाई."

"मंग हसन कोण?" असं म्हणून मालकानं नाटकाची घंटी द्याले सांगतली.