वाक्य नसलेली भूमिका

मिक्लोश गेल्याचा फोन आला तेव्हा मी इंग्लंडमधल्या रीडिंग शहरात, ऑफिसच्या मीटिंगमध्ये होते. हॉस्पिटलमधली नर्स हळू आवाजात सांगत होती आणि माझ्या मनात पहिला विचार आला तो असा, की त्यांचा सिनेमा लागायला दोन महिने राहिलेत, एवढाही दम निघाला नाही यांना! रडू नंतर आलं. आधी राग.

विमानतळाजवळच्या हाउन्सलोला ते आमच्या खालच्या फ्लॅटमध्ये राहायचे. आम्हाला पुण्याहून येऊन आठवडाही झाला नव्हता, तेव्हा त्यांनी दार वाजवलं ते तक्रार करायला. "तुमच्या घरात काहीतरी शिट्टी मारतं. माझं वाक्य मोडतं." मी कुकर दाखवला. त्यांनी तो गंभीरपणे पाहिला आणि म्हणाले, "किती शिट्ट्या होणार, ते आधी सांगत जा." इंग्रजीत सगळ्यांना एकच 'यू', पण तोरा असा की मनातल्या मनातही मी त्यांना अहो-जाहोच करायचे. आई-वडील दोघंही बुडापेस्टच्या रंगभूमीवरचे मोठे नट. त्यांचा हा एकुलता एक मुलगा तरुणपणी इंग्लंडला आला आणि सिनेमात कधी जर्मन अधिकारी झाला, कधी रशियन हेर. बहुतेक वेळा पहिल्या अर्ध्या तासात मरायचे. उच्चार सुधारा, असं सांगून एजंट थकला. "हा आवाज माझ्या वडिलांचा आहे," एवढंच उत्तर.

मला तेव्हा नोकरी नव्हती, त्यामुळे त्यांच्या सरावासाठी समोरच्या पात्राची वाक्यं वाचायचं काम माझ्या गळ्यात पडलं. तीन वाक्यांच्या भूमिकेसाठी तीन आठवडे! डोक्यावरून विमान गेलं की ते अर्ध्या शब्दावर थांबायचे, आवाज विरला की बरोब्बर तिथूनच पुढे. चहा गार व्हायचा. कौतुक तर कधीच नाही. वर, "तुम्हाला कोणी श्वास घ्यायला शिकवलं नाही का?" नवरा म्हणायचा, "अगं, सरळ नाही म्हण ना." कसं म्हणणार... पुढे नोकरीच्या इंटरव्ह्यूत मी पहिल्यांदाच घाई न करता, शांतपणे बोलले. हे त्यांना सांगितलं नाही. आणखी चढले असते.

मग सत्तरीच्या तोंडावर मोठी भूमिका आली. पक्षाघाताने वाचा गेलेला म्हातारा डॉक्टर. सिनेमाभर पडद्यावर, पण एकही वाक्य नाही. त्यांनी संहिता माझ्या टेबलावर आपटली. "माझे आई-वडील आवाजावर जगले. मी मुका होऊ?"

मी भडकले. "आयुष्यभर दुसऱ्यांच्या गोळ्या खाऊन मेलात. आता एक माणूस शेवटपर्यंत जगतोय, तर त्याला नाही म्हणताय?"

पंधरा दिवस अबोला. सोळाव्या दिवशी कोट चढवून दारात उभे. "शूटिंगला गाडीने सोडाल?"

लेस्टरजवळच्या एका जुन्या घरात शूटिंग होतं. मुलगी निरोप घेऊन निघते, म्हातारा खिडकीत बसलाय, एवढाच प्रसंग. पहिल्या टेकला हा माणूस हंगेरियनमध्ये काहीतरी बोलला! दुसऱ्यालाही तेच. तरुण दिग्दर्शिका रडकुंडीला आली. मला तर तिथून पळून जावंसं वाटलं. तिसऱ्या वेळी त्यांचे ओठ हलले आणि मिटले... मान तेवढी दाराकडे वळली. बराच वेळ कोणी 'कट' म्हणेना.

परतताना मोटरवेवर ते म्हणाले, "वडिलांनी हे कसं केलं असतं, असं आज मी स्वतःला विचारलं नाही. पहिल्यांदाच." चार महिन्यांनी ते गेले. छातीत दुखतंय हे तीन दिवस कोणाला सांगितलं नाही. जिथे बोलायचं, तिथे नेमके गप्प!

सिनेमा मी गेल्या आठवड्यात पाहिला. दुपारचा शो, प्रेक्षक जेमतेम दहा. शेवटी नावं सरकू लागली तसे सगळे उठून गेले. झाडू मारणारी बाई माझ्या रांगेपर्यंत आली आणि म्हणाली, "तुमच्या ओळखीचं कोणी आहे का यात?"

"हो," मी म्हणाले. "ते म्हातारे डॉक्टर. फार वैताग आणायचे."

ती हसली. झाडू भिंतीला टेकवून शेजारच्या खुर्चीत बसली. त्यांचं नाव येईपर्यंत आम्ही दोघी थांबलो.