आठवे कडवे

वैयापुरी हे आमच्या कावेरीकाठच्या शिवमंदिरातले ओदुवार. आरती झाली की गाभाऱ्यासमोर उभे राहून तमिळ स्तोत्र गायचे, हे त्यांचे एकतीस वर्षांचे काम. स्तोत्राची कडवी अकरा. पण लोकांना घाई, म्हणून अलीकडे ते पहिले आणि शेवटचेच गात. गळा अजून खणखणीत. तरी शेवटचा सूर विरायच्या आत लोक कपाळाला विभूती लावून बाहेर पडत आणि दारातल्या अंजलैभोवती बसत. अंजलै फुले विकते. तिला सूर नाही. ती गजरे बांधता बांधता स्तोत्राचा अर्थ सांगते.

मी मंदिराच्या कचेरीत कारकून. एकदा वैयापुरी अर्ज घेऊन आले : अंजलैच्या टोपलीने वाट अडते, तिला नाक्यावर हलवावे.

"आजवर कुणी अडखळलं नाही," मी म्हणालो.

"मी अडखळतो."

"मग जागा बघावी लागेल. नियम आहे."

"बघा. शाळेचं तोंड पाहिलं नाही तिनं. मी दहाव्या वर्षापासून गुरूची भांडी घासून शिकलो."

संध्याकाळी आम्ही खांबाआड उभे राहिलो. अंजलै आठव्या कडव्यावर आली होती. रावण कैलास उचलायला गेला, शंकराने पायाचा अंगठा दाबला, रावण खाली चेंगरला.

"मग तो गायला," ती म्हणाली. "बोटं चेंगरलेली, सूर कसला लागतोय? तरी देवानं ऐकलं. सोडलं, वर तलवारही दिली."

"म्हणजे माझ्या जावयाचंही ऐकेल," एक म्हातारी म्हणाली. सगळ्या हसल्या.

वैयापुरी पुढे झाले. "हे कडवं मी गातच नाही. तुला कुठून आलं?"

"पूर्वी अकराही गायचात की, ऐया. आठव्याला आवाज असा चढायचा, माझे हात थांबायचे."

दुसऱ्या दिवशी ते अकराही गायले. निम्मे लोक पाचव्यालाच उठून टोपलीपाशी गेले. आठवे सुरू होताच अंजलैने हात वर केला. सगळे गप्प झाले.

वैयापुरी थेट कचेरीत आले. "बघितलंत? तिनं सांगितलं म्हणून गप्प बसले."

"मग अर्जाचं काय करू?"

त्यांनी अर्ज उचलून पाहिला आणि परत माझ्यापुढे ठेवला.

"फाडू नका," ते म्हणाले. "पण पुढेही पाठवू नका."