मनुबाईचं कुंकू मी वाचवलं

माझं तोंड फटकळ, हे अख्खा माण तालुका सांगेल. सरपंच होते तेव्हा तर विचारूच नका. विधवेच्या बांगड्या फोडायच्या नाहीत, कुंकू पुसायचं नाही, असा ठराव आमच्या गावानं केला तो माझ्याच सहीनं. ठरावानंतर गावात पहिला गेला तो गुंडा.

गुंडा सांगलीला पाटबंधारे खात्यात शिपाई. मनुबाई त्याची लग्नाची बायको. मूल झालं नाही, म्हणून या बाबानं सांगलीतच अंजना नावाच्या बाईशी दुसरा संसार मांडला. मनुबाई इथं गावात. आंधळ्या सासूला अकरा वर्षं न्हाऊमाखू घातलं, तीस मेंढरं राखली. गुंडा जत्रेला यायचा, मटण ओरपायचा आणि एसटी धरायचा. मी एकदा म्हणाले, "आक्का, सोड की मेल्याला." तर म्हणाली, "आगं, नोकरी सरकारी हाय. त्यो गेला तर पेन्शन मलाच. वकिलानं सांगितलंय, पयली जिती असताना दुसरीला काय बी न्हाई." एवढ्या एका गोष्टीवर बाई तगून होती.

प्रेत गावी आणलं. मागून अंजनाही आली. बायका दगड घेऊन मनुबाईकडं सरकल्या, तशी मी मधे उभी राहिले. "हात तर लावून बघा, पोलीस बोलावते!" मनुबाई माझा पदर ओढत होती. "रेश्मा, फोडू दे गं. मी बायको हाय त्याची. चारचौघांत व्हऊ दे." मी तिच्यावरच खेकसले, "गप बस, अडाण्यासारखं करू नको!" दुसऱ्या दिवशी पेपरात फोटो आला, भरल्या कपाळाची मनुबाई आणि शेजारी छाती काढून मी. अंजनाच्या बांगड्या तिच्या माहेरच्यांनी पलीकडं लिंबाखाली फोडल्या. मी तिकडं फिरकलेच नाही. ती काय आमच्या गावची होती? तिच्या भावानं मोबाईलवर सगळ्याचा व्हिडिओ काढून घेतला.

पेन्शनवर दोघींनी हक्क सांगितला, तेव्हा गोष्ट कोर्टात गेली. अंजनाचं म्हणणं, मनुबाईचा काडीमोड वीस वर्षांपूर्वीच झालाय, माझं लग्न त्यानंतरचं. आमच्यात पंचांसमोर काडी मोडली की नवरा-बायको मोकळी, आणि रिवाज सिद्ध झाला तर कोर्टही मानतं. आमचा जुना पंच अर्जुना कोर्टात देवाची शपथ घेऊन म्हणाला, "व्हय, माज्यासमोर मोडली." धादांत खोटं! त्याचा नातू सांगलीत अंजनाच्या घरी राहून शिकत होता, दुसरं काय. मनुबाई म्हणाली, मोडली नाही. शब्दासमोर शब्द आला.

मग तिच्या बाजूनं मी साक्षीला उभी राहिले. समोरच्या वकिलानं पेपर पुढं केला.

"हा फोटो अंत्यविधीचाच?"

"हो."

"कपाळावर कुंकू?"

"हो, पण आमचा ठराव..."

"हो की नाही, एवढंच सांगा. बांगड्या?"

"आहेत."

नंतर अंजनाचा व्हिडिओ लावला. दगड, रक्ताळलेलं मनगट, हंबरडा. मी ओरडले, "आवं, ठराव माझा होता!" वकील शांतपणे म्हणाला, "ठराव विधवांसाठी होता ना? मग अंजनाबाईंच्या बांगड्या फुटताना तुम्ही का आडव्या गेला नाहीत?" ती आमच्या गावची नव्हती, हे कोर्टात कसं सांगू?

काडीमोड झाला असं कोर्टानं धरलं. पेन्शन अंजनाला गेली. अपिलासाठी मनुबाईनं मेंढरं विकली, ते अपील अजून वरच्या कोर्टात पडून आहे. हंगामात ती तासगावला द्राक्षाच्या बागांत रोजानं जाते, साठीच्या वयात. मी तिच्या पाया पडायला गेले, तर तिनं पाय मागं घेतले. "तू माजं कुंकू वाचवलंस बाई," म्हणाली. "आता त्येच खाते."

गेल्या महिन्यात आमच्याच गावातल्या सोनमचा नवरा गेला. साताऱ्याला पोलिसात होता, ट्रकनं उडवलं. सोनम सव्वीस वर्षांची, पदरात लेक. सासू म्हणाली, ठराव हाय, ऱ्हाऊ दे. तर सोनमनंच दोन्ही हात पुढं केले. "फोडा. मला पेन्शन पायजे."

मी पुढं झाले. "अगं खुळे, तुझं लग्न नोंदवलंय, तुला कोण अडवतंय?" पोरीनं माझ्याकडं बघितलंसुद्धा नाही. पण दगड उचलायला एकही बाई धजेना. तेवढ्यात मनुबाई गर्दीतून पुढं आली. खाली बसली, सोनमचं मनगट जमिनीला टेकवलं आणि घातला दगड. काच मांसात घुसली, सोनम किंचाळली. मनुबाईनं तिचा दुसरा हात ओढला आणि मान वळवून मला म्हणाली, "उभी काय ऱ्हायलीस, रेश्मा? मोबाईल काढ. समद्यांची तोंडं येऊ देत."

मी शूटिंग केलं.