उतारावरच्या बाबागाड्या

डोरीन टॅटरसलला पहिल्यांदा नाच बसवायला मिळाला तेव्हा ती चाळीस वर्षांची होती आणि तिच्या उजव्या गुडघ्यावर दोन शस्त्रक्रिया झालेल्या होत्या. तोवर ती नुसती नाचणारी होती, तीही घोळक्यातली. लँकेशरमधल्या ॲक्रिंग्टनची मुलगी. वडील कापडगिरणीत, आई शाळेच्या स्वयंपाकघरात. किराणा दुकानाच्या माडीवर एक बाई दर शनिवारी नाच शिकवायच्या, तिथे ती सहाव्या वर्षी गेली. सोळाव्या वर्षी नाताळच्या नाटकात मांजर झाली. मग लंडन, मग दौरे, मग पुन्हा लंडन. तेवीस वर्षांत ती परी झाली, खलाशी झाली, हॉटेलातली वाढपीण झाली, पण प्रकाशझोतात एकटी कधी उभी राहिली नाही.

शेवटची सहा वर्षं ती नाचणाऱ्यांची मुकादम होती. नाच बसवणारा बडा माणूस पहिला प्रयोग झाला की निघून जायचा, आणि मग कुणाचा हात वाकडा, कुणाचं पाऊल अर्ध्या मात्रेने उशिरा, हे रोज बघायचं काम डोरीनचं. मी त्याच कंपनीच्या कपडेपटात होते. पोरी तिला टरकून असायच्या आणि रडायलाही तिच्याकडेच जायच्या.

१९८१च्या उन्हाळ्यात निर्माते मिस्टर पिम यांनी नव्या संगीत नाटकाचे नाच तिच्यावर सोपवले. डॉक्टरांनी तिला नाचायला बंदी केलेली होती. हे जमलं तर पुढचा रस्ता होता, नाही जमलं तर ॲक्रिंग्टनला बहिणीच्या लोकरीच्या दुकानात उभं राहायचं. हे तिने मला इस्त्रीच्या टेबलावर बसून, पाय हलवत, अगदी सहज सांगितलं होतं.

नाटक जुन्या काळच्या एका बागेत घडायचं. त्यातला मोठा नाच आठ दायांचा. लांब करडे झगे, पांढऱ्या टोप्या आणि प्रत्येकीपुढे उंच चाकांची खरीखुरी बाबागाडी, आत बाहुली. लंडनमध्ये चर्चच्या हॉलमध्ये सहा आठवडे तालमी झाल्या. तिथली जमीन कॅरमच्या पाटासारखी सपाट. दाया गाड्या सोडून गिरकी घ्यायच्या, एकमेकींच्या गाड्या धरायच्या, बागेत फिरायला आलेल्या सैनिकांशी दोन शब्द बोलून परत यायच्या, आणि गाडी जिथल्या तिथे शहाण्यासारखी उभी. पिम टाळ्या वाजवून गेले.

मंगळवार, १३ ऑक्टोबर. यॉर्कशायरमधल्या एका गिरणीगावचं जुनं थिएटर. संध्याकाळी साडेसातला पहिला प्रयोग, दुपारी दोनला रंगीत तालीम. जुन्या काळी बांधलेल्या बहुतेक थिएटरांसारखं याचंही स्टेज मागे उंच, प्रेक्षकांकडे उतरतं. मी विंगेत सुई-दोरा घेऊन उभी होते. पोरींनी गाड्या सोडल्या, गिरकी घेतली आणि हात पुढे केले तर धरायला काही नव्हतं. आठही गाड्या वाद्यवृंदाकडे निघाल्या होत्या. पाच कशाबशा अडवल्या. दोन एकमेकींत अडकल्या. एक थेट वादक बसतात त्या खड्ड्यात, ट्रॉम्बोनवाल्या हॅरल्डच्या मांडीवर. हॅरल्डला काही झालं नाही, पण तो बाहुली हातात धरून उठला आणि म्हणाला, "बाईसाहेब, हे माझं नाही."

सगळे हसले. डोरीन हसली नाही. स्टेज मॅनेजर सिड क्लेग तिच्याजवळ आला. दोघांची वीस वर्षांची ओळख.

"काय गं, जन्मभर असल्याच उतारांवर उड्या मारल्यास ना तू?"

"पायांना माहीत होतं," ती म्हणाली. "त्यांनी डोक्याला कधी सांगितलंच नाही."

पिम वरच्या सज्जातून खाली आले. आवाज न चढवता त्यांनी सांगितलं की नाच आज गाळावा लागेल. सिड म्हणाला, चाकं दोरीने बांधू. बांधून बघितली, तर दाया कपाटं ढकलत असल्यासारख्या दिसायला लागल्या. पिम ऑफिसात गेले आणि त्यांनी रोलो फेन यांना फोन केला. फेन म्हणजे लंडनमधलं मोठं नाव, डोरीनने त्यांच्या हाताखाली चार नाटकं केली होती. ते चारच्या आगगाडीने निघतो म्हणाले. ही बातमी कपडेपटात यायला पाच मिनिटंही लागली नाहीत.

मी चहा घेऊन गेले तर डोरीन स्टेजच्या पुढच्या काठाशी बूट काढून मांडी घालून बसलेली. सिडला मागच्या भिंतीशी एक गाडी धरायला लावली होती.

"सोड."

गाडी निघाली. डोरीन बोटांवर मात्रा मोजत होती. पंधराला गाडी तिच्या हाताशी आली.

"परत सोड."

पुन्हा पंधरा. तिसऱ्यांदाही पंधरा. मग तिने माझ्याकडे बघितलं. तिच्या डोळ्यांत काय आलं होतं ते मला आजही नीट लिहिता येत नाही. तिने माझ्या हातातला चहा घेतला, एका घोटात संपवला आणि म्हणाली, "आठाची दोन आवर्तनं म्हणजे सोळा. पंधराला गाडी काठावर, सोळाव्याला हातात. अगं, ही गाडी तालात येते आहे. तिला अडवायचं कशाला?"

चार वाजले होते. पिम म्हणाले, आजचा एक प्रयोग करून बघ, उद्यापासून फेन आहेतच.

पुढचे तीन तास मी विसरूच शकत नाही. नवा नाच असा: दाया सैनिकांशी बोलण्यात गुंग, आणि मागे एकेक गाडी आपली आपण निघते. प्रेक्षकांना दिसते, दाईला दिसत नाही. अकराव्या मात्रेला दाई वळते, धावते आणि अगदी काठावर गाडी धरते. ती धरेपर्यंत शेजारणीची निघालेली असते. सिडने सोळाच्या सोळा पुढच्या चाकांना तेल घातलं आणि बाहुल्यांखाली वाळूच्या पिशव्या ठेवल्या, म्हणजे गाड्या सरळ जातील. हॅरल्डने वादकांतर्फे सांगितलं की काठावर लाकडी पट्टी ठोकल्याशिवाय खाली कुणी बसणार नाही. सिडने चार बोटं उंचीची पट्टी ठोकून काळी रंगवली.

"एवढी पुरेल?" हॅरल्डने विचारलं.

"गाडीला पुरेल," सिड म्हणाला. "डोरीनला नाही."

लांब झग्यांत धावता येईना, म्हणून डोरीनने मला आठही झगे चार बोटं वर घ्यायला सांगितले. मी म्हटलं, साडेसातच्या आत अशक्य आहे. ती म्हणाली, तू बोलतेस तेवढ्यात एक झाला असता. मी, माझी मदतनीस आणि सैनिकाचं काम करणारा, हाताला टाका येत असलेला एक नट, अशा तिघांनी शिवले. मटण-बटाटा भरलेले पॅटिस आणले होते, ते ट्रंकेवर तसेच गार झाले. पोरी भेदरलेल्या होत्या. पॅट्सी नावाची सर्वांत धाकटी म्हणाली, नाही पोचले तर? डोरीनने तिला मागच्या भिंतीशी नेलं आणि आपला दुखरा गुडघा घेऊन तिच्याबरोबर सहा वेळा धावली. सहाव्या वेळी पॅट्सी तिच्या पुढे गेली.

फेन सातला आले. ओव्हरकोट न काढता शेवटच्या रांगेत बसले. डोरीन त्यांच्यामागे भिंतीला टेकून उभी. आयुष्यात पहिल्यांदा पडदा वर जात होता आणि ती त्याच्या अलीकडे, प्रेक्षकांच्या बाजूला होती. मी टाके संपवून मागच्या दाराने आत शिरले ते तिच्या शेजारीच. तिचे पाय जागच्या जागी चालू होते.

पहिली गाडी निघाली. गिरणीगावचा प्रेक्षक, सहजी भुलणारा नव्हे. कुणीतरी जोरात ओरडलं, "अगं ए, तुझं पोर चाललं." दाई वळली, धावली, सोळाव्याला धरलं. तोवर दुसरी. तिसरी. लोक आता खुर्च्यांच्या टोकावर आले होते आणि दायांना नावं ठेवत होते. पॅट्सीची गाडी सर्वांत शेवटी. पॅट्सी पाऊण मात्रा उशिरा वळली, मला दिसलं, डोरीनला तर दिसलंच. तिने माझं मनगट धरलं. पॅट्सी झेपावली आणि पट्टीपासून वीतभर अंतरावर तिचे हात दांडीवर पडले. सगळं थिएटर एकदम श्वास सोडून हसलं. मग टाळ्या, आणि त्या थांबेनात. वादकांना पुढचं गाणं दोनदा सुरू करावं लागलं.

मध्यंतरात पिम घाईने आले आणि फेनना डोरीनसमोरच म्हणाले की उद्या सकाळपासून काम सुरू करता येईल. फेन टोपी घालत होते.

"कसलं काम? मला उगीच बोलावलंत, पिम." मग डोरीनकडे वळून त्यांनी विचारलं, "उतारावर गाड्या सोडायच्या, हे केव्हापासून डोक्यात होतं?"

खोटं बोलायला काही हरकत नव्हती. मी असते तर बोलले असते.

"दुपारी चारपासून," डोरीन म्हणाली. "त्याआधी गाढवपणा होता."

फेन मनापासून हसले आणि शेवटच्या आगगाडीने परत गेले.

त्यानंतर डोरीनने एकोणीस वर्षं नाच बसवले. तेच नाटक पुढच्या वसंतात लंडनला गेलं, तर तिथलं स्टेज सपाट निघालं. पिम म्हणाले, मग लंडनपुरता चर्चच्या हॉलातला जुना नाच करू. डोरीन ऐकेना. सिडने चार दिवस खपून स्टेजवर फळ्यांचा उतार चढवला. डोरीन मागच्या भिंतीशी एक बाबागाडी धरून उभी होती, आणि सोडलेली गाडी बरोबर पंधराला काठावर येईपर्यंत तिने सिडला तो उतार तीनदा उचकटायला लावला.