आरोपीची जमीन

"आरोपीनं खुर्चीवर बसायचं नसतं," एजंट म्हणाला. सगळ्यांसमोर. मी उठले.

नोंदणी कचेरीत होते. आंदर मावळातली आमची भातखाचरं लेकीला बक्षीसपत्र करून द्यायची होती. लेक शेजारीच होती. तिनं मान खाली घातली. त्याच्या बोलण्यापेक्षा तेच मला जास्त लागलं.

हा एजंट लोणावळ्याच्या एका बंगलेवाल्याचा. वर डोंगरात त्यांचे बंगले व्हायचे होते आणि रस्ता माझ्या खाचरातून हवा होता. मी नाही म्हटलं. एका सकाळी जेसीबी घालून त्यांनी बांध फोडला. मी पुढं जाऊन बसले. ड्रायव्हरला दगड मारला म्हणून गुन्हा माझ्यावरच लागला. मी दगडाला हातसुद्धा लावला नव्हता. पोलिसांच्या गाडीत चढले तेव्हा अख्खी वाडी बघत होती. जामीन झाला, पण लग्नघरी मला पोळ्या लाटायला बोलवेनात.

मग एजंट घरी यायला लागला. ओट्यावर बसून आमचाच चहा प्यायचा. म्हणायचा, आरोपीच्या जमिनीचं काही खरं नसतं, सरकार ओढून घेतं, त्याआधी आम्हाला देऊन टाका. दीरसुद्धा म्हणाले, देऊन मोकळी हो. मी घाबरले. म्हणूनच लेकीच्या नावावर करायला धावले.

त्याला कुणी कळवलं, ठाऊक नाही. टेबलावर वाकून तो अधिकारी बाईंना सांगत होता, हिच्यावर केस आहे, हिला जमीन कुणालाच देता येत नाही.

कुणालाच.

उभ्या उभ्या तो शब्द डोक्यात फिरला. आणि एकदम उमगलं.

"दादा," मी म्हटलं, "लेकीला देता येत न्हाई, तर तुमाला कशी देता येती?"

बाईंनी त्याला विचारलं, कोर्टाची जप्ती आहे का जमिनीवर? मनाई आहे का? काहीच नव्हतं. मग त्या म्हणाल्या, नुसती केस झाली म्हणून जमिनीवरचा हक्क जात नाही. त्यांनी मला बसायला सांगितलं. मी अंगठा दिला.

बाहेर त्यानं लेकीला गाठलं. आता मालकीण तू, पुढची केस तुझ्यावर, म्हणाला. लेक पांढरीफटक पडली. मी तिला खोटा धीर दिला नाही.

"व्हईल केस," म्हटलं. "म्हणून जमीन सोडायची न्हाई."

खटला चालूच आहे. तारखेला वडगावच्या कोर्टात जाते. कधी साहेब नसतात, कधी साक्षीदार. वाडीतली निम्मी माणसं अजून बोलत नाहीत.

गुन्हा केला का नाही, ते कोर्ट ठरवील. बंगलेवाला नाही. आमची जमीन कुणाला द्यायची, तेही तो ठरवणार नाही. मी जिवंत आहे तोवर नाही. आणि माझ्यामागं लेक आहे.