टाकीतला कावळा

लक्ष्मीबाई नगरच्या सरकारी क्वार्टरमध्ये राहत असताना मी सात मिनिटांची एक फिल्म केली होती. गच्चीवरच्या टाकीत कावळा मरून पडलाय. सगळ्यांना ते ठाऊक आहे, तरी प्रत्येक जण ग्लास तोंडाला लावतो आणि म्हणतो, "पाणी गोड आहे हं." शेजारपाजारचेच नट होते. पहिला ग्लास वरच्या मजल्यावरच्या काकांचा. ते एका मंत्रालयात अवर सचिव होते.

गणपतीच्या मांडवात दाखवायच्या आधी काकांनी अख्खी फिल्म बघितली आणि त्यांना दरदरून घाम फुटला. "बेटा, हे बिल्कुल सरकारवर आहे. माझं पेन्शन अडकेल." फाइलवर शेरा मारावा तशी त्यांनी सुरुवातीला एक पाटी घालायला लावली: 'ही टाकी काल्पनिक आहे.' पाटी बघून मांडव खदाखदा हसला. मी मात्र वर्षभर काकांशी बोललो नाही. चारचौघांत त्यांना भागूबाई म्हणायचो.

आता मी गुरुग्रामला राहतो. देशात जे चाललंय त्याने डोकं फिरलं, म्हणून परवा सोसायटीच्या हॉलमध्ये तीच फिल्म लावली, पाटी काढून. कुणीतरी चिडेल, निदान भांडेल तरी, असं वाटलं होतं. टाळ्या पडल्या. मी घरी पोचेपर्यंत सेक्रेटरीचा ग्रुपवर मेसेज: 'आपल्या टाक्या मागच्याच आठवड्यात साफ केल्या आहेत, काळजी नसावी.' खाली भराभर अंगठे.

काका आता नाहीत. त्यांच्याइतका चांगला प्रेक्षक मला पुन्हा मिळाला नाही.