आबांच्या गळ्यातला हार

कला महाविद्यालयातून बाहेर पडले तेव्हा मी स्वतःला फार मोठी चित्रकार समजत होते. तसं समजणारी मी एकटीच. वर्ष होत आलं तरी एकही काम मिळालं नव्हतं. बाबांनी वाळूजच्या एका कंपनीत खोक्यांवरची लेबलं करायची नोकरी बघून ठेवली होती. दिवाळीपर्यंत चित्रांचं काही जमलं तर ठीक, नाहीतर तिथं जायचं, असं ठरलं होतं. ते माझ्या अगदी जिवावर आलं होतं.

दिवाळीच्या तोंडावर फुलंब्रीचे एक शेतकरी वडिलांचा पासपोर्ट फोटो घेऊन आले. म्हणाले, "आबांचं मोठं चित्र काढा, ताई. बैठकीत लावायचंय."

आमच्याकडे असं चित्र करून घेतात ते गेलेल्या माणसाचं. कधी गेले, हे विचारायला जीभ रेटेना. मी चेहऱ्यामागे मंद उजेड दिला, गळ्यात चंदनाचा हार रंगवला. त्या हारावर तर मी बेहद्द खूश होते.

चित्र न्यायला मुलासोबत फेटा बांधलेले एक म्हातारे आले. मी त्यांच्याकडे पाहिलं, मग चित्राकडे. चेहरा तोच होता.

"ताई," आबा शांतपणे म्हणाले, "लई घाई केली तुम्ही."

बाबा दारातच उभे होते. त्यांच्या चेहऱ्यावर मला वाळूज स्पष्ट दिसलं. रडू येत होतं, पण मी मुळात हट्टी.

"आबा, समोर बसाल का? नवं काढते."

"बसतो की. रिकामाच हाय."

मग ते रोज सकाळी एसटीनं येऊ लागले. तंबाखू मळायचे, बाबांशी कपाशीवर बोलायचे, मध्येच डुलकी काढायचे. मी आधी वैतागले. मग लक्षात आलं, बोलताना त्यांची डावी भुवई वर जाते. फोटोत ती वर गेलेली नव्हतीच. मी ती तशीच वर ठेवली आणि कितीतरी महिन्यांनी मला काम करताना आनंद झाला.

चित्र न्यायच्या दिवशी आबांसोबत त्यांच्या घरच्या आजीही आल्या. आबा खाली पान खायला थांबले होते. जिना चढून दमलेल्या आजी पदर खांद्यावर टाकून वारा घेत होत्या. मी चित्रावरचं कापड काढलं. आजींनी वर पाहिलं आणि नवरा चारचौघांत समोर आल्यावर घेतात तसा झटकन पदर डोक्यावर ओढून घेतला.

बाबांनी ते पाहिलं. वाळूजचा विषय त्यांनी पुन्हा काढला नाही.